संयुक्त राष्ट्रांनी ज्या चित्रावर पडदा टाकला, त्या पिकासोच्या 'गेर्निका'ची गोष्ट

५ फेब्रुवारी २००३. अमेरिकेचे तेव्हाचे परराष्ट्रमंत्री कॉलिन पॉवेल न्यूयॉर्कमधल्या संयुक्त राष्ट्रांच्या मुख्यालयात आले होते. इराककडे महासंहारक शस्त्रं आहेत, हे त्यांना सुरक्षा परिषदेला पटवून द्यायचं होतं. सगळ्या जगाचे कॅमेरे तिथे लागले होते.

परिषदेच्या दालनाबाहेर एक जागा आहे. बैठकीतून बाहेर आलेले मंत्री आणि राजदूत तिथे उभे राहून पत्रकारांशी बोलतात. त्यांच्या मागच्या भिंतीवर एक भलंमोठं विणलेलं चित्र टांगलेलं असायचं. किंचाळणारा घोडा, मेलेलं बाळ कवटाळून आकाशाकडे तोंड करून रडणारी आई, जळत्या घरात अडकलेली बाई असं सगळं त्यात होतं. पॉवेल येण्याच्या काही दिवस आधीच त्या चित्रावर निळा पडदा टाकला गेला आणि पडद्यापुढे झेंडे उभे राहिले.

टीव्हीच्या कॅमेऱ्यांना मागे साधी, एकरंगी पार्श्वभूमी हवी होती, असं कारण संयुक्त राष्ट्रांकडून देण्यात आलं. ते फार कुणाला पटलं नाही. युद्धाची बाजू मांडायची आणि पाठीमागे बॉम्बहल्ल्यात मेलेलं बाळ दिसायचं, ही अडचण कुणालाही कळण्यासारखी होती. त्यामुळे एरवी कलेच्या पानांवर असणारं हे चित्र त्या आठवड्यात थेट राजकीय बातम्यांमध्ये आलं.

ते चित्र म्हणजे पाब्लो पिकासोच्या 'गेर्निका'ची प्रतिकृती. मूळ चित्र १९३७ सालचं. आपल्याकडे इंग्रजी स्पेलिंग वाचून 'ग्वेर्निका' असंही लिहिलं जातं, पण स्पॅनिश आणि बास्क या दोन्ही भाषांत उच्चार 'गेर्निका'च्या जवळचा आहे. युद्धविरोधी चित्र म्हटलं की जगात सगळ्यात आधी हेच नाव घेतलं जातं. पण ते काढलं गेलं तेव्हा त्याच्यापुढे एक नेमकं काम होतं. एक गाव बेचिराख झालं होतं आणि ते बेचिराख करणारे म्हणत होते, आम्ही नाही केलं.

त्या सोमवारी काय झालं?

स्पेनमध्ये जुलै १९३६ पासून यादवी युद्ध पेटलं होतं. एका बाजूला निवडून आलेलं प्रजासत्ताक सरकार, दुसऱ्या बाजूला बंड केलेले लष्करी अधिकारी. बंडखोरांचं नेतृत्व लवकरच जनरल फ्रान्सिस्को फ्रँकोकडे गेलं. हिटलर आणि मुसोलिनी यांनी फ्रँकोला विमानं, वैमानिक आणि शस्त्रं पुरवली. जर्मनीने पाठवलेल्या दलाचं नाव होतं 'काँडोर लिजन'.

गेर्निका हे उत्तर स्पेनच्या बास्क प्रदेशातलं छोटं गाव. बिल्बाओ शहरापासून साधारण तीस किलोमीटरवर. लोकवस्ती पाच-सात हजारांची, पण मान मोठा. बास्क लोकांची प्रातिनिधिक सभा शतकानुशतकं इथल्या ओक वृक्षाखाली भरायची. राज्यकर्ते याच झाडाखाली उभे राहून बास्क लोकांचे हक्क पाळण्याची शपथ घ्यायचे. थोडक्यात, बास्क स्वातंत्र्याची खूण म्हणजे हे गाव.

२६ एप्रिल १९३७ हा सोमवार होता, म्हणजे गेर्निकाच्या बाजाराचा दिवस. दुपारी साडेचारच्या सुमारास चर्चच्या घंटा वाजल्या आणि पहिलं विमान दिसलं. त्यानंतर तीन तासांहून जास्त काळ जर्मन आणि इटालियन विमानं लाटांमागून लाटांनी येत राहिली. आधी घरं फोडणारे स्फोटक बॉम्ब, मग फुटलेल्या घरांना आग लावणारे बॉम्ब. शेतांकडे पळणाऱ्या माणसांवर खाली उतरलेल्या विमानांतून मशीनगन चालवल्या गेल्या. गावातली घरं बरीचशी लाकडी होती. आग रात्रभर धुमसत राहिली आणि सुमारे तीन चतुर्थांश गाव नष्ट झालं.

गावाजवळचा पूल हे लष्करी लक्ष्य होतं, असं नंतर सांगितलं गेलं. पण तो पूल शाबूत राहिला. गावातला शस्त्रांचा कारखानाही वाचला. (ओकचं झाड आणि त्याच्या शेजारची सभागृहाची इमारतही वाचली, पण तो नशिबाचा भाग.) काँडोर लिजनचा तेव्हाचा चीफ ऑफ स्टाफ वोल्फ्राम फॉन रिश्टहोफेन याने आपल्या रोजनिशीत गाव जमीनदोस्त झाल्याबद्दल समाधान नोंदवून ठेवलं आहे. पुढे न्युरेंबर्गच्या खटल्यात हर्मन गोरिंगनेही कबूल केलं की, आपलं नवं हवाई दल प्रत्यक्ष लढाईत तपासून बघायची संधी स्पेनमध्ये मिळाली.

माणसं किती मेली? बास्क सरकारने तेव्हा १,६५४ हा आकडा दिला होता. नंतरच्या अनेक इतिहासकारांचा अंदाज १५० ते ३०० च्या आसपासचा आहे आणि त्यावर वाद सुरूच आहे. मृतांची नीट मोजदाद झालीच नाही, कारण हल्ल्यानंतर तीनच दिवसांनी, २९ एप्रिलला, फ्रँकोचं सैन्य गावात शिरलं. ढिगारा ज्यांच्या ताब्यात गेला, त्यांना मोजण्यात रस नव्हता.

'गाव त्यांनीच जाळलं'

हल्ल्याच्या दुसऱ्याच दिवशी फ्रँकोच्या प्रचारयंत्रणेने सांगायला सुरुवात केली की, असा हल्ला झालेलाच नाही. पळून जाणाऱ्या बास्क आणि 'लाल' सैनिकांनी स्वतःच पेट्रोल ओतून गाव पेटवलं आणि आता आमच्यावर आळ घेतायत, असा त्यांचा दावा होता. हा दावा आज ऐकायला हास्यास्पद वाटतो. पण तेव्हा युरोपातल्या कितीतरी वर्तमानपत्रांनी तो छापला आणि तो खरा मानणारे वाचकही भरपूर होते.

हा खोटेपणा उघडा पाडण्याचं मोठं श्रेय जॉर्ज स्टीर या तरुण पत्रकाराला जातं. तो लंडनच्या 'द टाइम्स'साठी बास्क प्रदेशातून वार्तांकन करत होता. त्याच रात्री तो जळत्या गेर्निकात पोचला, वाचलेल्या लोकांशी बोलला, न फुटलेले आगलावे बॉम्ब त्याने स्वतः पाहिले. त्यांच्यावर जर्मन खुणा होत्या. २८ एप्रिलला त्याची बातमी 'द टाइम्स' आणि 'न्यूयॉर्क टाइम्स'मध्ये आली. तिच्यात विशेषणं फारशी नाहीत. किती वाजता काय झालं, कुठली विमानं होती, कुठल्या क्रमाने काय टाकलं, एवढंच आहे. तिची ताकदही त्यातच आहे.

ही बातमी फ्रेंच वर्तमानपत्रांमधूनही छापून आली. पॅरिसमध्ये ती वाचणाऱ्यांत पिकासो होता.

पाच आठवडे आणि एक भिंतभर कापड

पिकासो तेव्हा ५५ वर्षांचा होता. जन्म स्पेनमधल्या मालागाचा, पण आयुष्याची बरीच वर्षं पॅरिसमध्ये गेलेली. जानेवारी १९३७ मध्ये स्पेनच्या प्रजासत्ताक सरकारने त्याच्याकडे एक काम सोपवलं होतं. त्या वर्षी पॅरिसमध्ये मोठं आंतरराष्ट्रीय प्रदर्शन भरणार होतं. तिथल्या स्पेनच्या दालनासाठी भिंतभर चित्र हवं होतं.

त्याने होकार दिला खरा, पण पुढचे तीन-साडेतीन महिने काही जमेना. फ्रँकोची टर उडवणारी काही छापचित्रं त्याने केली होती. या भिंतीसाठी मात्र तो एप्रिलच्या मध्यापर्यंत चित्रकार आणि त्याची मॉडेल असल्या घरगुती विषयाची रेखाटनं करत होता. देश जळत असताना हा विषय फारच थंड होता. पिकासो राजकीय चित्रकार म्हणून ओळखलाच जात नव्हता, हेही इथे सांगायला हवं.

मग गेर्निकाच्या बातम्या आल्या. १ मे रोजी, पॅरिसच्या रस्त्यांवर कामगार दिनाचे प्रचंड मोर्चे निघालेले असताना, त्याने पहिली रेखाटनं केली. बैल, घोडा आणि खिडकीतून दिवा धरून पाहणारी बाई हे तिघं पहिल्याच दिवशी कागदावर उतरले. दहा दिवसांनी त्याने कॅनव्हास ताणला. जवळजवळ साडेतीन मीटर उंच आणि पावणेआठ मीटर लांब. स्टुडिओच्या छताला तो लागत होता म्हणून किंचित तिरका उभा करावा लागला. जूनच्या सुरुवातीला चित्र तयार झालं. म्हणजे सगळं मिळून जेमतेम पाच आठवडे.

हे चित्र टप्प्याटप्प्याने कसं बदललं, हे आज आपल्याला पाहता येतं ते डोरा मारमुळे. ती स्वतः उत्तम फोटोग्राफर आणि कलावंत होती, तेव्हा पिकासोची जोडीदारही होती. कॅनव्हासवर काम चालू असताना तिने वेगवेगळ्या टप्प्यांवर फोटो काढले. कला-इतिहासात तिचा उल्लेख बऱ्याचदा फक्त 'पिकासोची प्रेयसी' म्हणून येतो. तो अन्यायच आहे, कारण हे फोटो नसते तर या चित्रातली सर्वात महत्त्वाची गोष्ट कुणाला कळलीच नसती.

ती गोष्ट अशी. सुरुवातीच्या टप्प्यात खाली पडलेल्या सैनिकाचा हात वर उठलेला आहे आणि मूठ आवळलेली आहे. वळलेली मूठ ही तेव्हाची डाव्यांची, प्रजासत्ताकवाल्यांची सलामी. पुढच्या टप्प्यात त्या मुठीत धान्याची कणसं आली, मागे सूर्य आला. त्यानंतर पिकासोने तो हातच पुसून टाकला. सूर्य चपटा होत गेला आणि शेवटी त्यात विजेचा बल्ब आला. मध्ये त्याने रंगीत कागदाचे तुकडेही चिकटवून पाहिले आणि काढून टाकले. सरकारने पैसे देऊन करून घेतलेल्या चित्रातून त्या सरकारची सलामी अशी गेली.

चित्रात नेमकं आहे काय?

आता चित्र डोळ्यांसमोर आणा, किंवा फोनवर उघडून बघा. रंग नाहीत. काळा, पांढरा आणि करड्याच्या असंख्य छटा, कुठे कुठे निळसर झाक. पिकासोला ही घटना कळली ती वर्तमानपत्रांतून, काळ्या-पांढऱ्या फोटोंमधून आणि छापील ओळींमधून. घोड्याच्या अंगावर ओळीने मारलेल्या बारीक रेघा पाहिल्या तर छापील मजकुराचीच आठवण होते.

डावीकडे बैल. त्याच्याखाली मेलेलं मूल मांडीवर घेतलेली आई, तिची जीभ टोकदार सुरीसारखी. मध्यभागी भाला लागलेला घोडा, वेदनेने तोंड वासलेला. त्याच्या पायाखाली तुकडे झालेला सैनिक, हातात मोडकी तलवार आणि तलवारीशेजारी एक छोटंसं फूल. वर डोळ्याच्या आकाराचा दिवा, त्यात बल्ब. उजवीकडून एक बाई खिडकीतून आत झेपावते आणि हातातला जुना दिवा पुढे करते. तिच्याखाली एक जण पाय ओढत पुढे येते आहे. अगदी उजव्या टोकाला दोन्ही हात वर करून जळणारी बाई. बैल आणि घोडा यांच्यामध्ये अंधारात एक पक्षीही आहे, तो पटकन दिसत नाही.

बल्बबद्दल एक निरीक्षण नेहमी सांगितलं जातं. स्पॅनिशमध्ये बल्बला 'बोंबिया' म्हणतात आणि बॉम्बला 'बोंबा'. पिकासोने हा शब्दखेळ मुद्दाम केला की नाही, यावर वाद घालणारे घालोत. पण वरून पडणारा तो कडक उजेड घरातल्या दिव्याचा वाटत नाही, हे खरं.

बैल म्हणजे कोण? फ्रँको? स्पेन? स्वतः पिकासो? १९४५ च्या एका मुलाखतीत त्याने म्हटलं होतं की, बैल म्हणजे फॅसिझम नव्हे, क्रौर्य आणि अंधार आहे, आणि घोडा म्हणजे जनता. इतर वेळी मात्र विचारणाऱ्यांना तो उडवून लावायचा. बैल बैलच आहे, घोडा घोडाच आहे, अर्थ बघणाऱ्याने शोधावा, असा त्याचा सूर असायचा. त्यामुळे इंटरनेटवर 'गेर्निकातल्या प्रत्येक चिन्हाचा अर्थ' अशा याद्या दिसल्या तर त्या जरा जपूनच वाचलेल्या बऱ्या.

त्यापेक्षा चित्रात काय नाही, हे बघण्यासारखं आहे. एवढ्या मोठ्या कॅनव्हासवर एकही विमान नाही. बॉम्ब नाही, जर्मन स्वस्तिक नाही, कुठल्याही बाजूचा झेंडा नाही, गावाची ओळख पटेल अशी इमारत नाही. मारणारा कुठेच दिसत नाही. ज्यांच्यावर वेळ आली ते फक्त दिसतात. शीर्षक काढून टाकलं तर हे कुठलं गाव आणि कुठलं वर्ष, हे सांगता येणार नाही. त्या पुसलेल्या मुठीची जोड इथे लागते.

हे पाऊल किती वेगळं होतं, ते कळायला पिकासोच्याच देशातल्या गोयाकडे पाहावं लागतं. फ्रान्सिस्को गोयाने १८१४ मध्ये '३ मे १८०८' हे चित्र काढलं. नेपोलियनच्या सैनिकांनी माद्रिदच्या बंडखोरांना गोळ्या घातल्या, त्याचं ते चित्र. त्यात बंदुका रोखलेल्या शिपायांची अख्खी रांग आहे, चेहरे मात्र दिसत नाहीत. पिकासोने ती रांगही काढून टाकली. हवाई हल्ल्यात मारणारा समोर नसतोच, तो वरून येतो आणि निघून जातो. १९३७ सालच्या या नव्या प्रकारच्या मरणाला जुनी मांडणी पुरली नसती.

बुटांचा जोड, हेच तिकीट

पॅरिसच्या प्रदर्शनात स्पेनचं दालन जुलै १९३७ मध्ये उघडलं. जवळच नाझी जर्मनी आणि सोव्हिएत रशिया यांची उत्तुंग दालनं एकमेकांसमोर दंड थोपटून उभी होती. त्या तुलनेत स्पेनचं दालन साधं होतं. चित्राचं स्वागतही काही जोरदार झालं नाही. अनेकांना ते कळलं नाही. प्रजासत्ताकाच्याच काही समर्थकांना लढणाऱ्या माणसाला बळ देणारं, सरळ समजणारं चित्र हवं होतं. त्यांच्या दृष्टीने ती पुसलेली मूठ ही उणीवच होती.

त्यानंतर 'गेर्निका' फिरायला निघालं. कॅनव्हास काढायचा, गुंडाळायचा, पुढच्या शहरात पुन्हा ताणायचा. १९३८ मध्ये स्कँडिनेव्हिया, मग ब्रिटन. लंडनच्या पूर्व भागातल्या, म्हणजे कामगार वस्तीतल्या, व्हाइटचॅपल गॅलरीत ते जानेवारी १९३९ मध्ये लागलं. तिथे प्रवेशासाठी स्पेनमधल्या सैनिकांना पाठवता येईल असा बुटांचा जोड मागितला गेला. चित्राखाली बुटांची रांग लागली. मँचेस्टरमध्ये तर ते मोटारींच्या शोरूममध्ये दाखवलं गेलं. कुठल्याही 'मास्टरपीस'च्या वाट्याला असा प्रवास क्वचितच आला असेल.

एवढं करून युद्धाचा निकाल बदलला नाही. १ एप्रिल १९३९ ला फ्रँको जिंकला. पाच महिन्यांनी दुसरं महायुद्ध सुरू झालं आणि गेर्निकात जे पाच-सात हजारांच्या गावावर झालं ते वॉर्सा, रॉटरडॅम, लंडन, हॅम्बुर्ग, ड्रेस्डेन, टोकियो अशा शहरांवर होऊ लागलं. 'कलेने युद्ध थांबतं का?' या प्रश्नाचं 'गेर्निका'पुरतं उत्तर 'नाही' असंच आहे. उगाच गोड बोलण्यात अर्थ नाही.

चित्र तोवर अमेरिकेत पोचलं होतं आणि न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टमध्ये, म्हणजे 'मोमा'त, राहिलं. युद्धकाळात पिकासो जर्मनांच्या ताब्यातल्या पॅरिसमध्येच होता. एका जर्मन अधिकाऱ्याने 'गेर्निका'चा फोटो पाहून 'हे तुम्ही केलंत?' असं विचारलं आणि पिकासोने 'नाही, तुम्ही' असं उत्तर दिलं, हा किस्सा याच काळातला म्हणून सांगतात. तो दंतकथेत जमा करावा असाच आहे, पण इतका चपखल की अजून फिरतोय.

१९५३ मध्ये हे चित्र इटलीतल्या मिलान शहरात गेलं. तिथल्या राजवाड्यातलं जे दालन त्यासाठी निवडलं होतं, ते १९४३ च्या बॉम्बहल्ल्यात जळालेलं होतं आणि भिंतींवरच्या भाजलेल्या, फुटलेल्या पुतळ्यांसकट तसंच ठेवलेलं होतं. ते बॉम्ब टाकले होते दोस्त राष्ट्रांनी, म्हणजे हिटलरविरुद्ध लढणाऱ्यांनी. चित्रात जर जर्मन विमान रंगवलेलं असतं, तर त्या दालनात ते विचित्र दिसलं असतं.

आणि मग पाळी आली अमेरिकेची. १९६८ मध्ये व्हिएतनाममधल्या माय लाई गावात अमेरिकी सैनिकांनी शेकडो नागरिकांना मारलं. बातमी बाहेर यायला वर्षाहून जास्त काळ लागला. इथेही आधी लपवाछपवी झालीच. जानेवारी १९७० मध्ये काही कलावंत 'मोमा'त शिरले आणि माय लाईत मारलेल्या बायका-मुलांच्या फोटोचं पोस्टर हातात धरून 'गेर्निका'समोर उभे राहिले. अमेरिकेत हे चित्र ठेवू नका, परत घ्या, अशी विनंतीही पिकासोला केली गेली. त्याने चित्र तिथेच राहू दिलं. १९७४ मध्ये टोनी शफ्राझी या तरुण कलावंताने तर चित्रावर लाल स्प्रेने अक्षरं लिहिली. व्हार्निशच्या थरामुळे रंग निघाला, चित्र वाचलं. हाच शफ्राझी पुढे न्यूयॉर्कमधला नावाजलेला गॅलरीवाला झाला.

फ्रँकोलाच चित्र हवं होतं!

ज्या फ्रँकोच्या राजवटीत 'गाव त्यांनीच जाळलं' ही अधिकृत गोष्ट होती, त्याच राजवटीने १९६० च्या दशकाच्या शेवटी चित्र स्पेनला परत मिळावं म्हणून प्रयत्न सुरू केले. पिकासो तोवर जगातला सर्वात प्रसिद्ध चित्रकार झाला होता आणि त्याचं सर्वात प्रसिद्ध चित्र परदेशात होतं. दुसरीकडे, स्पेनमधल्या विरोधकांच्या घरांत याच चित्राची छापील पोस्टर्स लागत होती.

पिकासोने नकार दिला. १९७० मध्ये त्याने लेखी अट घातली की, स्पेनमध्ये नागरी स्वातंत्र्य परत आल्यावरच चित्र जाईल. त्याचा वकील होता रोलाँ द्युमा, जो पुढे फ्रान्सचा परराष्ट्रमंत्री झाला. पिकासो १९७३ मध्ये गेला, फ्रँको १९७५ मध्ये. १९७८ मध्ये स्पेनला लोकशाही राज्यघटना मिळाली. मग वाटाघाटी सुरू झाल्या आणि त्यात एक जुना कागद कामाला आला. १९३७ मध्ये प्रजासत्ताक सरकारने पिकासोला दीड लाख फ्रँक दिल्याची ती नोंद होती. म्हणजे चित्र स्पेनच्या मालकीचं.

१० सप्टेंबर १९८१ ला 'गेर्निका' विमानाने माद्रिदला उतरलं. पिकासोच्या जन्मशताब्दीला, २५ ऑक्टोबरला, ते लोकांसाठी खुलं झालं, पण बुलेटप्रूफ काचेआड आणि सशस्त्र पहाऱ्यात. त्याच वर्षी फेब्रुवारीत स्पेनच्या संसदेत बंदूकधारी शिरून उठावाचा प्रयत्न झाला होता, हे लक्षात घेतलं की ती काच समजते. १९९२ मध्ये चित्र माद्रिदच्याच रेइना सोफिया संग्रहालयात गेलं. तीन वर्षांनी काच निघाली.

आणि जर्मनी? हल्ल्याला ६० वर्षं झाली तेव्हा, १९९७ मध्ये, जर्मनीचे अध्यक्ष रोमान हेर्झोग यांनी वाचलेल्यांना उद्देशून जर्मन वैमानिकांचा दोष स्पष्टपणे मान्य केला.

पुन्हा तो पडदा

संयुक्त राष्ट्रांतलं विणलेलं 'गेर्निका' ही नेल्सन रॉकफेलर यांची हौस. मूळ चित्र विकत मिळणार नव्हतं, म्हणून त्यांनी १९५५ मध्ये फ्रान्समधल्या जॅकलिन द ला बोम द्युरबाख हिच्याकडून पिकासोच्या संमतीने त्याची टॅपेस्ट्री करून घेतली. काळ्या-करड्याऐवजी ती तपकिरी छटांमध्ये आहे. १९८५ पासून रॉकफेलर कुटुंबाने ती संयुक्त राष्ट्रांना उसनी दिली होती.

२००३ च्या पडद्याचा परिणाम उलटाच झाला. चित्र झाकल्याची बातमी झाली आणि युद्धविरोधी मोर्च्यांत 'गेर्निका'चे फलक घेऊन लोक रस्त्यावर उतरले. पॉवेल यांनी सांगितलेली महासंहारक शस्त्रं इराकमध्ये सापडली नाहीत. ते भाषण आपल्या कारकिर्दीवरचा डाग आहे, असं पॉवेल यांनीच दोन वर्षांनी मान्य केलं. टॅपेस्ट्री २०२१ मध्ये रॉकफेलर कुटुंबाने नेली तेव्हा पुन्हा कुजबुज झाली. वर्षभराने, फेब्रुवारी २०२२ मध्ये, ती जागेवर परत आली. त्याच महिन्यात रशियाने युक्रेनवर हल्ला केला.

एप्रिल २०२२ मध्ये युक्रेनचे अध्यक्ष झेलेन्स्की स्पेनच्या संसदेशी व्हिडिओवरून बोलले, तेव्हा त्यांनी आपल्या देशाची अवस्था सांगायला एप्रिल १९३७ आणि गेर्निका यांचाच दाखला दिला. डिसेंबर २०२३ मध्ये गेर्निका गावातच लोकांनी एकत्र उभं राहून पॅलेस्टाइनचा झेंडा साकारला, गाझावरच्या बॉम्बहल्ल्यांच्या निषेधासाठी. एरवी या दोन युद्धांबद्दल जगाची मतं सारखी नाहीत. पण दोन्हीकडच्या लोकांना एकाच गावाचं नाव आठवलं.

चित्रकारांवरचा परिणाम तर मोजता येणार नाही इतका आहे. अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय चित्रकार फेथ रिंगगोल्ड 'मोमा'त जाऊन 'गेर्निका' बघत बसायच्या. त्यांचं १९६७ चं 'डाय' हे वांशिक हिंसाचारावरचं चित्र त्यातून आलं. बैरूतजवळच्या साब्रा आणि शातिला छावण्यांतल्या हत्याकांडावर इराकी चित्रकार दिया अल-अझावी यांनी काढलेलं भव्य चित्र लंडनच्या टेट मॉडर्नमध्ये आहे, त्याची तुलना कायम 'गेर्निका'शी होते. आपल्याकडे पंढरपूरला जन्मलेल्या मकबूल फिदा हुसेन यांच्या उधळलेल्या घोड्यांकडे पाहताना अनेकांना पिकासोचा घोडा आठवतो. १९७१ च्या साओ पावलो द्वैवार्षिकीत पिकासो आणि हुसेन दोघेही खास निमंत्रित होते. त्यासाठी हुसेन यांनी निवडलेला विषयही युद्धाचाच होता, महाभारत.

सेल्फी चालेल, पण चित्र हलणार नाही

रेइना सोफियात बरीच वर्षं 'गेर्निका'चा फोटो काढायला बंदी होती. २०२२ मध्ये मिक जॅगरने चित्रासमोरचा आपला फोटो टाकला आणि स्पॅनिश नेटकरी भडकले की, आम्हाला बंदी आणि यांना परवानगी कशी? सप्टेंबर २०२३ पासून संग्रहालयाने फ्लॅशशिवाय फोटो काढायला सगळ्यांनाच मुभा दिली. तेव्हापासून हे चित्र इन्स्टाग्रामवर रोज दिसतं, बऱ्याचदा कुणाच्या तरी खांद्यामागे.

प्रवासाला मात्र ते आता जात नाही. इतक्या वेळा गुंडाळलं आणि ताणलं गेल्याने रंगाला तडे आहेत, आणखी हलवणं धोक्याचं आहे, असं संग्रहालयाचं म्हणणं. बास्क लोकांना हे मान्य नाही. १९९७ मध्ये बिल्बाओत गुगेनहाइम संग्रहालय उघडलं तेव्हा त्यांनी चित्र मागितलं होतं, निदान काही दिवसांसाठी. मेलेली माणसं आमची आणि चित्र माद्रिदचं, ही त्यांची तक्रार जुनी आहे. नकार मिळाला.

गेर्निका गावात एका रस्त्याच्या कडेला याच चित्राची मूळ आकाराची प्रतिकृती आहे, टाइल्सवर रंगवलेली. तिच्याखाली बास्क भाषेत लिहिलंय, 'गेर्निका गेर्निकारा', म्हणजे 'गेर्निका गेर्निकाला द्या'.